एर्दोआनला मत देणारा आमचा कोलोनचा भाजीवाला

गोदाकाठ

नमस्कार मंडळी. नाशिकहून जर्मनीतल्या कोलोनला येऊन सात महिने झाले, राहतो एहरनफेल्डमध्ये. घराखालीच एका तुर्की माणसाचं भाजीचं दुकान आहे. कोथिंबिरीची जुडी आपल्याकडच्यासारखी भरगच्च देतो, त्यामुळे रोजचं येणंजाणं. वय पन्नाशीचं, जन्म इथलाच, मुलगी दंतवैद्यक शिकतेय. गल्ल्यामागे तुर्कस्तानचा राष्ट्राध्यक्ष एर्दोआनचा फोटो.

परवा विषय निघाला तेव्हा म्हणाला, २०२३ मध्ये तुर्कस्तानच्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत दोन्ही फेऱ्यांत त्यालाच मत दिलं. आणि इथे? इथे कायम सोशल डेमोक्रॅट, म्हणजे डावीकडे झुकणारा पक्ष! मला काही झेपेना. ऑफिसातले जर्मन म्हणतात, लोकशाही आमची उपभोगायची आणि मत तिकडच्या दांडगटाला. हे धर्मवेड समजायचं की दुसरंच काही? इथे बरीच वर्षं काढलेल्यांनी सांगा. हिंदू-मुस्लिम धुळवड कृपया नको, ती फॅमिली ग्रुपवर पुरेशी होते.

रोखठोक

यात न समजण्यासारखं काय आहे? त्या निवडणुकीत एर्दोआनला एकूण ५२ टक्के मतं पडली आणि जर्मनीतल्या तुर्की मतदारांत जवळपास ६७. तिकडची महागाई यांना सोसायची नाही, तुरुंगात टाकलेले पत्रकार यांचे शेजारी नाहीत. दुरून देशभक्ती स्वस्त पडते. आपल्या एनआरआय मंडळींकडे पाहा, तोच नमुना.

कोलोनची काकू

रोखठोक, शेवटचं वाक्य खरं आहे, मलाही लागू पडतं म्हणून जरा झोंबलं. पण गोष्ट तिथे सुरू होत नाही.

मी २००३ पासून इथे आहे. पहिली चार वर्षं म्युलहाइम भागात काढली, कॉइपश्ट्रासपासून चालत पाच मिनिटांवर. तो रस्ता म्हणजे तुर्की बाजारच. मिठाई, सोनं, लग्नाचे झगे. माझे ब्लाउज उसवून द्यायला मी तिथल्याच एका शिंप्याकडे जायची (परदेशात वजन वाढतं, दुसरं काही नाही). ९ जून २००४ ला दुपारी एका न्हाव्याच्या दुकानासमोर सायकलवर ठेवलेला खिळ्यांचा बॉम्ब फुटला. २२ जण जखमी. दुसऱ्याच दिवशी गृहमंत्री ओटो शिली म्हणाले, आतापर्यंतच्या माहितीवरून हा दहशतवाद दिसत नाही, गुन्हेगारी वर्तुळातलं प्रकरण दिसतं. झालं. पुढची सात वर्षं पोलीस त्याच रस्त्यावरच्या लोकांना खोदखोदून विचारत राहिले. खंडणी का? ड्रग्ज का? कुणाशी वैर? शिंपी मला ब्लाउज परत देताना एकदा म्हणाला, बाई, आता गिऱ्हाईकही माझ्याकडे पोलिसासारखं बघतं.

नोव्हेंबर २०११ मध्ये बाहेर आलं की हे काम एनएसयू नावाच्या नवनाझी टोळीचं. याच टोळीने देशभर दहा खून केले होते, त्यातले आठ तुर्की वंशाच्या लोकांचे. त्या आठवड्यात मी मुद्दाम दुकानात गेले. तो काही बोलला नाही, चहा मागवला. जाताना एवढंच म्हणाला, "हे आम्ही पहिल्याच दिवशी सांगत होतो."

आता विचार कर, अशा माणसाला टीव्हीवर कुणी ठणकावून सांगतं की तू आमचा आहेस, मान वर करून चाल, तेव्हा तो त्या नेत्याची अर्थनीती तपासत बसत नाही. एर्दोआनने २००८ मध्ये याच कोलोनच्या अरेनामध्ये हजारो लोकांसमोर सांगितलं होतं की सक्तीचं विलीनीकरण हा मानवतेविरुद्धचा गुन्हा आहे. जर्मन वर्तमानपत्रं खवळली. माझा शिंपी खूश.

आणि एर्दोआनचा हा राजकीय इस्लाम बाहेरून वाहत आला असं समजू नका. १९६१ च्या ऑक्टोबरात पश्चिम जर्मनीने तुर्कस्तानशी कामगार-करार केला. इस्तंबूलच्या भरती कार्यालयात माणसांना चड्डीवर रांगेत उभं करून दातसुद्धा तपासत, बैलबाजारात तपासतात तसे. दोन वर्षं काम करा आणि घरी जा, असा मूळचा बेत होता. कारखानदारांनीच तो मोडला, कारण दर दोन वर्षांनी नवा माणूस शिकवणं परवडेना. तरी सरकारच्या डोक्यात पाहुणे ते पाहुणेच. १९८३ मध्ये तर परत जायला १०,५०० मार्क देऊ केले. पाहुण्यासाठी कोण कशाला इमाम घडवणार? मग १९८४ मध्ये इथे दितिब ही तुर्की मशिदींची संघटना स्थापन झाली आणि तुर्की सरकारच्या धर्मखात्याने, म्हणजे दियानेतने, स्वतःच्या पगारावर इमाम पाठवायला घेतले. जर्मनीने सुटकेचा श्वास सोडला, फुकटात काम झालं. गंमत म्हणजे दियानेत १९२४ चं, अतातुर्कच्या काळातलं. धर्माला सरकारी दावणीला बांधायला काढलेलं खातं. पुढे दावण एर्दोआनच्या हातात आली.

आणखी एक. तुर्कस्तानातल्या इस्लामी राजकारणाचे पितामह नेज्मेत्तिन एर्बाकान यांनी डॉक्टरेट केली आखेनला आणि काम केलं कोलोनच्याच डॉइट्स इंजिन कारखान्यात. इथून ट्रामने जाता येतं.

दापोलीकर

काकू, बैलबाजार वाचून अंगावर काटा आला.

मी कोकणी मुसलमान, ड्यूसलडॉर्फला नोकरी. पहिल्या शुक्रवारी मोठ्या उत्साहाने दितिबच्या मशिदीत गेलो. खुतबा, म्हणजे शुक्रवारचं प्रवचन, तुर्कीत! मग थोडा जर्मनमध्ये. तेव्हा दोन्ही सारखंच कळायचं. आम्ही शाफई, तुर्क हनफी; सुन्नींतल्याच दोन वेगळ्या परंपरा. फातिहा, म्हणजे कुराणातला पहिला अध्याय, म्हणून झाल्यावर सवयीने मोठ्यानं "आमीन" म्हणालो आणि आख्ख्या मशिदीत आवाज माझा एकट्याचा. ते मनातल्या मनात म्हणतात. नमाजनंतर शेजारच्या चाचांनी हसून विचारलं, कुठला? इंडिया म्हटल्यावर शाहरुख खान, आणि लगेच चहा.

सांगायचं हे की ऑफिसात मी "मुस्लिम समाज" असतो. पॅरिसमध्ये शार्ली एब्दो साप्ताहिकावर हल्ला झाला तेव्हा माझं मत विचारलं, हमासच्या वेळीही माझंच. मशिदीत मात्र मी परका. जर्मन लोक ज्याला एक समाज म्हणतात त्यात तुर्क, मोरोक्कन, बोस्नियन, सिरियन, अलेवी सगळे वेगळ्या दाराने जातात. आता मी दुसऱ्या एका छोट्या मशिदीत जातो, तिथे खुतबा जर्मनमध्ये असतो. आणि एर्दोआनचा फोटो मला पण आवडत नाही.

रोखठोक

काकू, शिंप्याचं वाईट वाटलंच. पण एक बाजू राहिली. तुर्कस्तानातल्या २०१६ च्या फसलेल्या लष्करी उठावानंतर दितिबच्या काही इमामांनी, तिथल्या सरकारने ज्याच्यावर उठावाचा ठपका ठेवला त्या गुलेन या धर्मगुरूच्या अनुयायांची नावं तुर्की सरकारला कळवली. स्वतःच्याच नमाज्यांची चुगली! याला जर्मनीचा वंशवाद कारण आहे का?

कोलोनची काकू

नाही, अजिबात नाही. ते लाजिरवाणंच होतं. माझ्या ओळखीच्या एका कुटुंबाने तेव्हापासून ती मशीद सोडली. पण इमामाला पगार अंकाराचा असला की तो निष्ठा कुणाशी ठेवणार, हा प्रश्न तेव्हाच्या राजधानीत, बॉनमध्ये, १९८४ लाच कुणाला पडायला हवा होता. २०२३ च्या डिसेंबरात ठरलं की तुर्कस्तानातून इमाम आणणं हळूहळू बंद करायचं आणि वर्षाला १०० इथेच तयार करायचे. एकोणचाळीस वर्षांनी.

गोदाकाठ, तुझ्या घराजवळची फेन्लोअर श्ट्रासवरची मोठी मशीद आतून पाहा. काँक्रीट आणि काचेचा घुमट कळीसारखा उमललेला आहे. २०१८ मध्ये उद्घाटनाला एर्दोआन आला, शहराच्या महापौरबाई गेल्या नाहीत. कित्येक वर्षं शहराने त्या मशिदीवर वाद घातला आणि शेवटी फीत कापली त्याने. मला तेव्हा दोघांचाही राग आला होता.

गोदाकाठ

सगळ्यांचे आभार. आज कोथिंबीर घ्यायला गेलो तेव्हा भाजीवाल्याला वडिलांबद्दल विचारलं. फोर्डच्या कारखान्यात होते, १९७३ च्या संपातही होते म्हणे. २०२४ मध्ये कायदा बदलला तेव्हा त्याने जर्मन पासपोर्ट घेतला, तुर्की न सोडता. त्याआधी सोडावा लागला असता म्हणून पन्नास वर्षं घेतला नव्हता. मग इथे मत कसं द्यायचास, विचारलं, तर हसला. म्हणाला, मत बायको द्यायची, तिने आधीच घेतला होता; मी नुसता सांगायचो कुणाला दे ते.

मी म्हटलं, मला मात्र भारतीय पासपोर्ट सोडावाच लागेल, आमच्याकडे दोन चालत नाहीत. तो वजन करता करता थांबला. मिरच्या मूठभर जास्त टाकल्या, पैसे घेतले नाहीत.