मदत हवी आहे : मूकपटाला साथ कशाची द्यावी?

मंडळी, जूनमध्ये आमच्या वाचनालयात योरिस इव्हेन्स आणि मानुस फ्रांकेन यांचा 'रेगेन' (म्हणजे 'पाऊस', १९२९) हा डच मूकपट दाखवतोय. ॲमस्टरडॅममधली पावसाची एक सर, जेमतेम बारा मिनिटं. कालव्यावर पहिले थेंब पडतात, एकजण हात पुढे करून अंदाज घेतो, कॉलर वर करतो आणि मग छत्र्याच छत्र्या! ट्रामच्या काचेवरचे ओघळ तर बघतच राहावेत.

अडचण आवाजाची. हान्स आइसलरनं १९४१ मध्ये याला संगीत दिलंय, पण आमच्या आजोबामंडळींना ते कर्कश वाटलं. (मलाही थोडं.) नुसता पखवाज चालेल का? की सरळ शांतताच ठेवावी? मूकपटाला कुणी प्रत्यक्ष साथ केली असेल तर प्लीज सांगा.