ग्रिलवर हरणाच्या मांसाचे स्टार्टर: बेकन कच्चं, आतलं मांस वातड. कुठे चुकतंय?

धागाकर्ता: कोळसा_कमी

बारा जणांसाठी स्टार्टर करायचे आहेत. मांस पाळीव हरणाचं, कायदेशीर विक्रीतलं: साधारण 1 किलो बॅकस्ट्रॅप, म्हणजे पाठीच्या कण्यालगतचा लांब पट्टा, आणि 400 ग्रॅम खिमा. ग्रिल झाकणाची, गोल, कोळशावरची.

चाचणीत दोन प्रकार केले, दोन्ही फसले.

1. बेकनमध्ये गुंडाळलेले तुकडे. मांस रात्रभर लिंबू, व्हिनेगर आणि लसणात मुरवलं. 4 सेंमीचे चौकोनी तुकडे, त्यावर जाड कच्चं बेकन (डुकराच्या खारवलेल्या मांसाची पट्टी), ग्रिलभर पसरलेल्या निखाऱ्यांवर 12-13 मिनिटं. मधूनमधून ज्वाळा उठल्या. बेकनच्या कडा करपल्या, घडीखाली ते कच्चंच राहिलं. मांस राखाडी, कोरडं, चवीला थेट कलेजी.

2. खिम्याचे सळईवरचे कबाब. उलटताना निम्मे निखाऱ्यात पडले.

मुरवण बदलू, आच बदलू की तुकड्याचा आकार? कच्ची पपई लावली तर मऊ होईल का?

---

निखारा

पहिल्या प्रकारात चूक आकाराची नाही, वेळेच्या गणिताची आहे. हरणाच्या मांसात चरबी जवळजवळ नसते. त्यामुळे ते 54 ते 57 अंश सेल्सिअसच्या दरम्यान रसाळ असतं आणि 60 ओलांडलं की झपाट्याने कोरडं पडतं. तुम्हाला लागलेली कलेजीची चव त्याचीच. जाड कच्च्या बेकनला मात्र नीट शिजून कुरकुरीत व्हायला त्याहून कितीतरी जास्त वेळ लागतो. दोघांना एकाच वेळी ग्रिलवर चढवलं की एकाचा बळी जाणारच.

म्हणून बेकन आधी अर्धं शिजवून घ्या. पातळ कापाचं घ्यायचं, जाड नको. ओव्हनमध्ये 200 अंशावर 7-8 मिनिटं, किंवा तव्यावर मंद आचेवर. चरबी पांढरी न राहता काचेसारखी दिसू लागली पाहिजे, पण पट्टी बोटाभोवती न तुटता वळली पाहिजे. ती कडक झाली तर गुंडाळताना मोडते. कागदावर टिपून थंड करा.

मांसाचे तुकडे 3 सेंमीचे, सगळे एका मापाचे. बेकनची अर्धी पट्टी एका तुकड्याला पुरते: एक वेढा आणि वर जेमतेम 1 सेंमी टोक. दोन-तीन वेढे दिले की आतला थर वाफेवर शिजतो आणि रबरासारखा राहतो. तुमच्या घडीखालचं कच्चं बेकन ते हेच. अर्धा तास पाण्यात भिजवलेली टूथपिक बरोबर टोकाच्या सांध्यातून आरपार घाला.

आता आच. निखारे ग्रिलच्या एकाच अर्ध्या भागात लोटा, दुसरा अर्धा रिकामा ठेवा. तुकडे आधी रिकाम्या बाजूला, झाकण लावून 4-5 मिनिटं. आतलं तापमान 45 च्या आसपास गेलं की निखाऱ्यांवर आणा, सांधा खाली, आणि प्रत्येक बाजू अर्धा-पाऊण मिनिट. ज्वाळा उठली की चिमट्याने तुकडे रिकाम्या बाजूला सरकवायचे. पाणी शिंपडू नका, राख उडून मांसावर बसते.

53-54 ला उतरवा, ताटलीत 3-4 मिनिटं विसावू द्या, तेवढ्यात दोनेक अंश आपोआप वाढतात. थर्मामीटरची सुई बाजूने, मधोमध जाईल अशी घाला. वरून घातली तर बेकनचं तापमान दाखवते.

एक सावधगिरी. लाल मांसाच्या अखंड तुकड्यासाठी अमेरिकेच्या कृषी खात्याचा सल्ला 63 अंश आणि 3 मिनिटं विसावा असा आहे. गर्भवती, लहान मुलं, वयस्कर किंवा प्रतिकारशक्ती कमी असलेलं कोणी पंगतीत असेल तर त्यांचे तुकडे निदान तिथवर न्या. कोरडेपणा थोडा सोसावा लागेल.

---

सुरी_आधी

निखारा यांच्याशी सहमत, पण ग्रिल पेटवण्याआधीच अर्धं काम असतं.

बॅकस्ट्रॅपवर एका बाजूने पांढरा, चकचकीत पापुद्रा असतो. तो शिजून विरघळत नाही, उलट आकसतो आणि तुकडा वाटीसारखा वाकवतो. वातडपणाचं मोठं कारण तोच. काढताना पट्टा पापुद्रा वर करून ठेवा. एका टोकाशी सुरीचं टोक त्याखाली घाला आणि दोनेक सेंमी सोडवा. सुटलेलं टोक कागदाच्या तुकड्याने घट्ट धरा, ओलं असल्याने नुसत्या बोटांतून निसटतं. सुरीची धार किंचित वर, पापुद्र्याकडे वळवा आणि टोक ताणत सुरी पुढे सरकवा. धार खाली झुकली की चांगलं मांस पापुद्र्यासोबत निघून जातं. सुरी लवचीक आणि अरुंद हवी.

चरबी दिसेल तिथे तीही काढा. हरणाची चरबी गोठते लवकर आणि टाळूला मेणासारखी चिकटते. ज्याला लोक उग्र वास म्हणतात तो बराचसा तिच्यातच असतो. वास मारायला व्हिनेगर ओतण्यापेक्षा चरबी काढलेली बरी.

आता मुरवण. रात्रभर लिंबू-व्हिनेगर म्हणजे मांसाचा बाहेरचा थर आम्लानेच अर्धा शिजवून ठेवणं. तो पांढुरका, भुसभुशीत होतो, पाणी सोडतो, आणि ओल्या पृष्ठभागाला ग्रिलवर रंग चढत नाही. आंबट हवंच असेल तर वाढताना पिळा.

त्याऐवजी कोरडं मीठ लावा, मांसाच्या वजनाच्या 1 टक्का. किलोला 10 ग्रॅम, वजन करूनच, कारण जाड आणि बारीक मिठाचा चमचा सारखा भरत नाही. जाळीवर ठेवून उघडंच फ्रिजमध्ये 6 ते 12 तास. बाहेरून कोरडं होतं, मीठ आतपर्यंत पोचतं. बेकन आधीच खारट असतं, म्हणून त्यात गुंडाळायच्या तुकड्यांना 6-7 ग्रॅमच पुरे. ग्रिलवर जाण्याआधी तेल, भरड मिरी आणि ठेचलेली रोझमेरी.

पपई या कापाला नकोच. पट्टा मुळात मऊ असतो. पपईतला घटक वरच्या थरावरच काम करतो, मग बाहेर लगदा आणि आत जसंच्या तसं. मांडीच्या मांसाला लावायची तर किलोला एक चमचा वाटण आणि फार तर अर्धा तास.

---

पातळ_काप

थोडा वेगळा सूर लावतो. इतक्या चांगल्या पट्ट्यावर बेकन गुंडाळणं मला उधळपट्टी वाटते. चव बेकनची येते आणि मेहनत पस्तीसेक टूथपिकांची.

पट्ट्याचे 350 ग्रॅमचे दोन अखंड तुकडे ठेवा. मीठ वर सांगितलंय तसं. रिकाम्या बाजूला झाकणाखाली 46-48 अंशापर्यंत, मग रसरशीत निखाऱ्यांवर फिरवत एकूण 3-4 मिनिटं. 8 मिनिटं विसावा. नंतर मांसाच्या धाग्यांना आडवे, 5 मिमीचे काप. धाग्यांच्या दिशेने कापलं तर हेच मांस दोरीसारखं चावावं लागतं. 700 ग्रॅममधून साठेक काप निघतात. ग्रिलवरच भाजलेल्या पावाच्या चकतीवर मोहरीचं लोणी, त्यावर काप आणि वर जाड मीठ. पस्तीसेक छोटे तुकडे सांभाळण्याऐवजी दोन मोठे आणि एक थर्मामीटर.

---

सळई

खिमा राहिला. तो पडतो याची कारणं तीन: चरबी नाही, कांद्याचं पाणी, आणि कमी मळणं.

400 ग्रॅम खिम्याला 80 ग्रॅम डुकराची किंवा गोमांसाची चरबी, दोन्ही थंडगार, एकत्र एकदा यंत्रातून काढा. त्यात 7 ग्रॅम मीठ घालून 3 मिनिटं नेटाने मळा. बर्गरसाठी हे करू नये, टिक्की रबरी होते. सळईवर मात्र हवं असतं, कारण मीठ आणि मळण्याने मांसातली प्रथिनं चिकट होतात आणि तीच खिमा धरून ठेवतात. पारख सोपी: गोळा तळहातावर दाबा, हात उलटा करा. चिकटून राहिला तर झालं. मळताना हाताला कोमट लागू लागला तर भांडं लगेच फ्रिजमध्ये. चरबी पातळ झाली की चिकटपणा गेला.

कांदा किसून घट्ट पिळा, पिळल्यानंतर 40 ग्रॅमपेक्षा जास्त नको. गोल सळई टाळा, तिच्यावर कबाब गरगर फिरतो. 1 सेंमी रुंदीची चपटी घ्या. 40 ग्रॅमचे तेरा कबाब होतील, जाडी अडीच सेंमी, दोन्ही टोकं सळईवर दाबून बंद. फ्रिजमध्ये तासभर.

जाळी काढून दोन विटांवर सळया आडव्या टेकवा म्हणजे कबाब कशालाच चिकटणार नाहीत. पहिली दोन मिनिटं हात लावू नका, खालची बाजू घट्ट झाली की मग उलटा. खिम्याला 71 अंश सक्तीचं, इथे गुलाबी चालणार नाही. चरबी घातल्यामुळे तेवढ्यालाही कोरडा पडत नाही.

शिकारीचा खिमा असता तर गोळीतल्या शिशाच्या कणांबद्दल विचारलं असतं. तुमचं मांस पाळीव, तो प्रश्न नाही.

---

धागाकर्ता: कोळसा_कमी

सर्वांचे आभार. निम्मं बेकनचं, निम्मं कापांचं करतो. दोन शंका: बार्बेक्यू सॉस कधी लावू? आणि पाहुणे उशिरा आले तर फॉइलमध्ये झाकून गरम ठेवता येईल का?

---

निखारा

सॉसमध्ये साखर असते, ती आधी लावली तर बेकनपूर्वी तीच करपते. शेवटच्या मिनिटाला ब्रशने एक हात, एकदा उलटून उतरवा.

फॉइल नको. आत वाफ कोंडते, बेकन लिबलिबीत होतं आणि मांस शिजतच राहतं, 55 चं 62 व्हायला वेळ लागत नाही. त्यापेक्षा गुंडाळलेले तुकडे कच्चेच फ्रिजमध्ये तयार ठेवा आणि लोक आल्यावर दहा-दहाचा घाणा लावा. एक घाणा 8 मिनिटांत उतरतो. फक्त अर्ध्या तासाने ओंजळभर पेटते निखारे वाढवायला विसरू नका, नाहीतर तिसऱ्या घाण्याला बेकनवर रंगच येत नाही.