आबासॉं : घंटेचा नाद खाली वळवणाऱ्या फळ्यांना काय म्हणावं?

प्रश्न (पणजी) : फ्रान्समधल्या चर्चवरचा लेख मराठीत आणतोय. तिथल्या घंटा-मनोऱ्याच्या खिडक्यांत एकाखाली एक तिरक्या फळ्या असतात, बाहेरची कड खाली झुकलेली. पाऊस आत येत नाही आणि नाद छपरांवरून निघून न जाता खाली वस्तीकडे वळतो. फ्रेंचमध्ये त्या आबासॉं. 'ध्वनिनिपातक' कसा वाटतो?

उत्तर (मडगाव) : नको हो, वाचकाला ते एखादं यंत्र वाटेल. फ्रेंचमध्ये 'आबात्र' म्हणजे खाली पाडणं, 'सॉं' म्हणजे आवाज. याच घडणीचा 'आबाझूर' पोर्तुगीजमध्ये 'अबाजुर' झाला, म्हणजे दिव्याची शेड. पोर्तुगीज शिकलेल्या आपल्या जुन्या मंडळींना शब्दाची घडण लगेच कळेल. मराठीत मात्र 'झिलमिली' आहेच की! खिडकीच्या दारातल्या तिरक्या पट्ट्यांचा शब्द. 'मनोऱ्याची झिलमिली' लिहा.

प्रश्न (पणजी) : सर, झिलमिली म्हटलं की ऊन-वारा डोळ्यांपुढे येतो. नाद कुठे येतो त्यात?

उत्तर (मडगाव) : आपल्या डोळ्यांपुढे तो येणार कसा? आपल्याकडे बहुतेक घंटा उघड्या कमानीत असतात. पणजीच्या चर्चची मोठी घंटा बघा, जुन्या गोव्यातल्या ऑगस्टिनियन मठाची. 1871 साली इथे बसवली. दर्शनी भिंतीच्या माथ्यावरच्या कमानीत ती खालूनही दिसते. वस्तूच नाही, मग शब्द कुठून रुळणार! म्हणून पहिल्या उल्लेखात तिचं काम सांगा, पुढे नुसतं झिलमिली चालेल.

उत्तर (फोंडा) : मलाही झिलमिलीच पटते. फक्त काम सांगताना 'नाद खाली पाडतात' एवढ्यावर थांबू नका. फळ्यांवर आपटून वळतात ते मुख्यतः वरचे, किणकिणते स्वर. खालचा घुमारा वेगळा. 250 हर्ट्झच्या स्वराची हवेतली लाट जवळजवळ 1.4 मीटर लांब असते, वीतभर फळी तिला काय अडवणार? ती वळसा घालून चहूकडे जाते. 'निपातक'मध्ये सगळाच आवाज खाली कोसळल्यासारखा वाटतो, तेही बरोबर नाही.

प्रश्न (पणजी) : देव बरें करूं! मग असं लिहितो : 'मनोऱ्याच्या खिडक्यांना तिरकी झिलमिली आहे; तिच्यामुळे पाऊस बाहेर राहतो आणि घंटेचे वरचे स्वर खालच्या वस्तीकडे वळतात.'

उत्तर (मडगाव) : छान. 'तिरकी' काढा, झिलमिली तिरकीच असते.