गाव कुठून आलं, कुठं चाललं? वाचनालयासाठी पुस्तकं सुचवा

पऱ्हाटीवाला (दारव्हा)
नमस्कार मंडळी. यवतमाळ जिल्ह्यात आमच्या गावी ‘ड’ वर्गाचं वाचनालय आहे. ते मी चालवतो, म्हणजे वावरातून आल्यावर संध्याकाळी कुलूप उघडतो. यंदाच्या अनुदानातून कादंबऱ्या आणि स्पर्धा परीक्षेची गाइडं सोडून काहीतरी घ्यायचं आहे.

झालं असं, की शाळेचं दाखल-खारीज रजिस्टर बायंडिंगला न्यायला गुरुजींनी माझ्याकडं दिलं. रात्री चाळत बसलो. १९६८ साली पहिलीत ४१ नावं. यंदा ४, त्यातली २ वीटभट्टीवर आलेल्या घरातली. मधल्या पानांवर ठिकठिकाणी शेरा, ‘पालक परगावी गेले’. पुणे, सुरत, बुटीबोरी. पारावर विषय काढला तर एक म्हातारा म्हणे, “हे काय आजचं हाय काय रे? तुहा आजा कुठून आला ते तरी ठाव हाय काय तुले?” नव्हतं ठाऊक.

तर माणसं गाव का सोडतात, वस्ती का वाढते आणि का घटते, यावरची पुस्तकं सांगा. मराठी असेल तर उत्तम. इंग्रजी मी शब्दकोश घेऊन रेटतो. फक्त ‘लोकसंख्येचा भस्मासुर’ छापाचं नको. तसलं एक कपाटात आहे, वाळवीनंसुद्धा अर्ध्यावर सोडलं.

फिकीर_नॉट
सेपियन्स घ्या. विषय संपला.

पऱ्हाटीवाला
घेतलं होतं भाऊ. ज्यानं नेलं तोच पुण्याला गेला, पुस्तकासकट.

खारपाणपट्टा (अकोला)
जगाचं नंतर, आधी आपल्या वऱ्हाडाचं वाचा. लक्ष्मण सत्या यांचं ‘कॉटन अँड फॅमिन इन बेरार’. १८५० ते १९०० चा काळ आहे. रुक्ष आहे, तक्ते फार, पण एकदा शिरलं की सुटत नाही. अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस विलायतेच्या गिरण्यांना मिळेना, म्हणून १८६० च्या दशकात आपल्या कापसाला भाव आला. १८६७ ला रेल्वे नागपूरला पोचली. कापूस वाढला, चराईची जागा आणि ज्वारी मागं हटली. मग १८९९-१९०० चा दुष्काळ.

आता आकडे बघा. १८९१ च्या शिरगणतीत वऱ्हाडात सुमारे २९ लाख माणसं, १९०१ ला साडेसत्तावीस लाख. ही घट नुसती मेलेल्यांची धरू नका. दुष्काळात माणूस मरतो तसा निघूनही जातो, आणि पाळणाही हलत नाही. शिरगणती तिन्ही हिशेब एकाच वजाबाकीत टाकून मोकळी होते. कुठलंही लोकसंख्येचं पुस्तक वाचताना मी पहिलं हेच बघतो, लेखकानं हे तीन वेगळे केलेत की नाही.

रसेल आणि हिरालाल यांचे १९१६ चे चार खंडही चाळा, जुन्या मध्य प्रांतातल्या जातीजमातींवरचे. बैलांच्या तांड्यांवर माल वाहणाऱ्या बंजाऱ्यांसाठी तर नक्की. पण साहेबाचा चष्मा आहे, एकेका जातीला स्वभाव चिकटवत सुटतो. ते तेवढं सोडून द्यायचं.

होळीला_या (धारणी)
मराठी हवं असेल तर नंदा खरे यांचं ‘कहाणी मानवप्राण्याची’ घ्या. नागपूरचेच होते ते. दुसरं टोनी जोसेफ यांचं ‘अर्ली इंडियन्स’. सुमारे ६५ हजार वर्षांपूर्वी आलेल्यांपासून ते इसवी सनापूर्वी २००० नंतर गवताळ प्रदेशातून आलेल्या पशुपालकांपर्यंत.

मला ते कळलं माझ्या वर्गामुळं. माझी पोरं कोरकू बोलतात. तिची बहीण झारखंडातली मुंडारी. तुमच्याकडच्या कोलामीचं नातं तेलुगूशी. आपली वऱ्हाडी तिसऱ्याच कुळातली. आणि जळगाव जामोदकडं निहाली आहे, तिचं नातं कुणाशीच जुळलेलं नाही. अमरावती विभागाच्या पाच जिल्ह्यांत एवढं सगळं! फक्त पारावर ‘मूळचे कोण, उपरे कोण’ सुरू होईल, तेव्हा शेवटची प्रकरणं मोठ्यानं वाचा. सगळेच मिसळलेले आहोत, असं निघतं त्यातून.

दिवाळीनंतर माझा अर्धा वर्ग आईबापासोबत कामावर जातो तो थेट होळीला उगवतो. कोरकूची होळी चुकत नाही. हजेरीपटावर मात्र नुसतं ‘गै’.

माहेर_कळंब
दादा, तुमच्या मोजणीत एक भोक आहे. पुण्याला गेलेली पोरं मोजली. गावातल्या बाया कुठून आल्या ते मोजलं का? २०११ च्या जनगणनेत आपली जागा सोडून आलेले ४५ कोटींवर लोक आहेत. त्यात बाया जास्त, आणि सगळ्यांत मोठं कारण लग्न. रॅव्हनस्टाइन नावाच्या गृहस्थानं १८८५ मध्येच ब्रिटनच्या शिरगणतीवरून लिहून ठेवलंय, की बहुतेक माणसं जवळच जातात आणि जवळच्या अंतरात बायाच जास्त हलतात. माझ्या सासूला येऊन ५० वर्षं झाली, तरी भाजीत तीळकूट घातलं की नणंदा म्हणतात, “तिकडची रीत.”

पुस्तक म्हणाल तर चिन्मय तुंबे यांचं ‘इंडिया मूव्हिंग’, २०१८ चं. इंग्रजी सोपं आहे. कमावता पुरुष बाहेर, घरदार गावात, पैसा टपालानं, हे किती जुनं आहे ते त्यात बघा.

पऱ्हाटीवाला
ताई, हे लागलं. रात्री रजिस्टर पुन्हा काढलं. १९७० च्या आसपास सातवीतल्या मुलींपुढं ‘लग्न झाले’ असा शेरा आहे. एका पानावर ६ वेळा. मी फक्त ‘परगावी’ शोधत होतो, हे डोळ्यांखालून गेलं आणि दिसलंच नाही. सकाळी आईला विचारलं, तुझ्या सोबतच्या पोरी कुठं गेल्या? चुलीपुढं बसून तिनं ११ गावं सांगितली. सुनेनं वहीत उतरवली. ती दिग्रसची.

‘कहाणी’ आणि ‘इंडिया मूव्हिंग’ मागवतो. सत्यांचं अनुदानात बसेल तर. रजिस्टर अजून बायंडिंगला गेलं नाही, गुरुजी दोनदा विचारून गेले.