मनीचे टाके घरी काढले तर चालतील का?

मनीची_माय
आमच्या मनीचं नसबंदीचं ऑपरेशन होऊन आज बारा दिवस झाले. डॉक्टर म्हणालेले दहा ते चौदा दिवसांत टाके काढायला आणा, पण ते चिपळूणला आणि आम्ही गुहागरच्या पुढे, एसटीत बास्केटमधे घातली की अख्खा रस्ता बोंबलते. कुशीवर निळ्या दोऱ्याच्या पाच गाठी दिसतायत, जखम कोरडी आहे. घरी काढू का? आमचे हे म्हणतात नेलकटरने कापू 🙄

बोका_बाबा
नेलकटर नको ताई! आधी उजेडात फोटो काढून डॉक्टरांना व्हॉट्सॅप करा, ते हो म्हणाले तरच हात लावा. लाली, सूज, पू, कडा उघडलेल्या असं काही असेल तर नाहीच. आमच्या डॉक्टरांनी मला शिकवलंय, बारीक टोकाची कात्री आणि चिमटा उकळून घ्यायचा, एकाने मांजर टॉवेलात गुंडाळून धरायची. गाठीच्या शेपट्या चिमट्याने जरा वर उचलल्या की खाली दोरा दिसतो, त्याची एकच बाजू अगदी कातडीलगत कापायची आणि गाठ धरून हळू ओढायची. दोन्ही बाजू कापल्या तर तुकडा आतच राहतो, आणि लांबून कापलात तर बाहेरचा मळका दोरा कातडीतून ओढला जातो. पहिला काढून बघा, फट पडली तर तिथेच थांबा.

सदू५५
नंतर डेटॉल लावा, काही होत नाही.

बोका_बाबा
अहो डेटॉल मांजरांना विषारी असतं, चाटलं तर गेलीच! आणि दुखतंय म्हणून क्रोसिन वगैरे पण अजिबात नको.

टॉमीवाला
दोरा नसून स्टेपल असतील तर घरी नकोच. आमच्या टॉम्याची एक पिन मी पकडीने ओढायला गेलो, पिन वाकडी झाली, तो कोकलला आणि मी चावा खाल्ला. डॉक्टरांकडचं रिमूव्हर पिन मधे दाबतं, मग दोन्ही पाय आपोआप वर येतात. बाकी तालुक्याच्या सरकारी पशु दवाखान्यात पण टाके काढून देतात, चिपळूण कशाला गाठता?

मनीची_माय
फोटो पाठवला. डॉक्टर म्हणाले चार काढा, पण कडेच्या टाक्याजवळ लाल दिसतंय तिथे हात लावू नका. पण आमच्या बाईसाहेब दोन काढेपर्यंत गप्प होत्या, तिसऱ्याला टॉवेलातून निसटून कपाटावर. उरलेले तीन उद्या सरकारी दवाखान्यात. जखम चाटू नये म्हणून घातलेली गळ्यातली कॉलर मात्र काढलेली नाही, आणि नेलकटर लपवून ठेवलाय.