एवढे सगळे हिरो खरंच एकत्र सेटवर असतात का?

दादरकर: काल परत अ‍ॅव्हेंजर्सचा एंडगेम पिक्चर बघितला, शेवटच्या मारामारीत एवढे स्टार एकत्र, तारखा जुळवतात कशा राव? की सगळं हिरव्या पडद्यासमोर वेगवेगळं शूट करून नंतर जोडलेलं?

लाइटवाला_गोरेगाव: दोन्ही. इथे फिल्मसिटीत सिरियलला पण हेच चालतं, आर्टिस्ट नसला की डुप्लिकेटच्या खांद्यावरून सजेशन घ्यायचं, म्हणजे पाठमोरा डुप्लिकेट आणि समोरच्याचा चेहरा, आणि खऱ्या आर्टिस्टचा क्लोजअप चार दिवसांनी, फक्त लाइट आणि नजर जुळली पाहिजे नाहीतर बोंब. तिकडे हॉलिवूडला वरून व्हीएफएक्स, म्हणजे कॉम्प्युटरची करामत.

वडाळ्याची_मिनू: पण टोनीच्या, म्हणजे आयर्न मॅनच्या, अंत्यविधीच्या सीनला बरेच जण खरंच एकत्र उभे होते हां. गुपित फुटू नये म्हणून लग्नाचा सीन आहे असं सांगितलेलं, स्पायडरमॅन झालेला टॉम हॉलंड स्वतः बोललाय.

दादरकर: काळे कपडे घालून लग्न? 😂