ॲना नीथलिंग-पोल म्हणे सरकारी नटी!

तिसरी घंटा: परवा इथे कुणीतरी ठोकून दिलं की दक्षिण आफ्रिकेतली आफ्रिकान्स (डचमधून निघालेली, तिथल्या बोअर गोऱ्यांची भाषा) रंगभूमी म्हणजे वर्णभेदाची जाहिरात, त्या नट्यांची नावं विसरलेलीच बरी. उदाहरण कुणाचं, तर ॲना नीथलिंग-पोलचं! अहो, ती प्रिटोरियात नाटकं उभी करत होती ती तिशीच्या दशकात. वर्णभेद कायद्यात आणणारं मलानचं सरकार आलं 1948 ला. सरकारी पैशावरची नॅशनल थिएटर ऑर्गनायझेशनसुद्धा 1947 ची, मलानच्या आधीचे पंतप्रधान स्मट्स यांच्या काळातली. त्याच साली नट आंद्रे ह्युगेनेचा आफ्रिकान्स हॅम्लेट तिने बसवला. बाईने अभिनय केला, दिग्दर्शन केलं, नंतर विद्यापीठात नाटक शिकवलं. सरकारी बाहुली एवढी राबते होय?

विंगेतला: राबली, मान्य. पण कुणासाठी? बोअरांच्या जुन्या स्थलांतराची शंभरी म्हणून 1938 ला बैलगाड्यांची यात्रा निघाली, तिच्यात भाषा आणि वंश एकाच दावणीला बांधले गेले. 1956 पासून सिनेमालाही अनुदान, पुढे आफ्रिकान्सला झुकतं माप. सगळी मलई एकीकडे, आणि वर म्हणे 'कला'!

जोबर्गकर: माझ्या केपटाऊनच्या सहकाऱ्याची आई अशा फिरत्या मंडळींचे पोशाख गावच्या हॉलमागे इस्त्री करायची. कॉलरला डाग राहिला की ओरडा तिलाच. पडदा उघडायच्या आत तिला मागच्या दाराने घालवायचे. जन्मात एक नाटक तिने समोरून पाहिलं नाही. आता सांगा, अभिनय थोर होता की नाही हे तिला कुणी विचारायचं?

रंगबावरी: मग इव्होन ब्राइसलँडचं काय? 1969 ला नाटककार फुगार्डच्या 'बूस्मन अँड लीना'त ही गोरी नटी कलर्ड, म्हणजे तिथल्या भाषेत मिश्रवंशीय, लीना झाली. तिला मात्र पुरोगामी म्हणून डोक्यावर घेता!

तिसरी घंटा: झालं, विषय गेला खड्ड्यात. ब्राइसलँडने नवऱ्याबरोबर 1972 ला केपटाऊनात स्पेस थिएटर काढलं, गोरे-काळे प्रेक्षक शेजारी बसवले. मिश्र प्रेक्षक आणि मिश्र संच बंद करणाऱ्या 1965 च्या सरकारी फतव्यानंतर त्यात केवढी जोखीम होती, कल्पना आहे?

रंगबावरी: प्रेक्षकांचं नाही, लीनाचं विचारलं. कलर्ड नट्या संपल्या होत्या?

विंगेतला: गोऱ्या-कलर्ड नटांच्या मिश्र संचावरच बंदी होती, बाई. आधी वाचा, मग लिहा.

रंगबावरी: 'बाई' नको आणि शिकवणीही नको. अख्खा संच कलर्ड घ्यायचा. कायद्याने अडवलं नसतं. फुगार्डला स्वतःला लीनाच्या जोडीदाराची, बूस्मनची भूमिका करायची होती, म्हणून अडलं!

जोबर्गकर: हे मात्र बरोब्बर लागलं. आणि स्पेसचं कौतुक करताना हेही लिहा की त्याच शहरात सरकारी नीको मलान नाट्यगृह 1971 ला फक्त गोऱ्यांसाठी उघडलं, सगळ्यांना दार खुलं व्हायला 1975 उजाडलं.

तिसरी घंटा: मी ॲनाबद्दल लिहिलं होतं. कुणाला आठवतंय का?

विंगेतला: बरं बाबा, ॲना दिग्दर्शिका म्हणून मोठी. लिहून दिलं, आता फ्रेम करून लावा. हॉलच्या मागच्या दाराचं उत्तर तेवढं अजून आलेलं नाही.